होम लोन घेताय? हप्ता नंतर बघा, आधी घर शेवटी केवढ्याला पडतंय ते काढा

पुण्यात पहिला फ्लॅट बघायला गेलात की सगळीकडे साधारण एकच सीन असतो. साइट ऑफिसात गारेगार एसी, काचेखाली बिल्डिंगचं मॉडेल, चहा येतो, आणि मग सेल्सवाला मुलगा कॅल्क्युलेटर आपल्याकडे वळवून म्हणतो, "सर, भाडं पंचवीस भरताच आहात ना, त्यात अठरा टाका, घर तुमचं." आम्ही सिंहगड रोडच्या बाजूला बघत होतो तेव्हा मला हे वाक्य इतकं पटलं होतं की मी घरी येऊन बायकोला तसंच्या तसं म्हणून दाखवलं. ती म्हणाली, अठरा किती वर्षं टाकायचे? तिथेच गप्प बसलो.

तर हा लेख त्यांच्यासाठी जे पहिल्यांदा लोन घेतायत आणि ज्यांना हप्ता माहितीये पण हिशेब माहीत नाही. उदाहरण सगळीकडे एकच धरतो म्हणजे गोंधळ नको: फ्लॅट ६५ लाखांचा, लोन ५० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. आज तुम्हाला दर यापेक्षा कमी मिळत असेल, मिळू दे, वीस वर्षांत तो वरखाली होणारच आहे, त्यामुळे हिशेब थोडा चढ्या दरानेच केलेला बरा.

१. एक शीट बनवा, चार रकाने बास

एक्सेल किंवा गुगल शीट उघडा. महिना, शिल्लक मुद्दल, व्याज, मुद्दलात गेले. व्याज म्हणजे शिल्लक गुणिले दर भागिले १२. हप्त्यातून व्याज वजा केलं की उरलं ते मुद्दलात गेलं, आणि तेवढंच शिल्लकीतून कमी करायचं. ही ओळ खाली २४० वेळा ओढायची, झालं. बँकेच्या वेबसाइटवरचा कॅल्क्युलेटर पण हेच करतो पण तो रंगीत गोल दाखवून मोकळा होतो, स्वतः ओढलेल्या शीटमध्ये जे पोटात खड्डा पडल्यासारखं होतं ना ते त्यात होत नाही.

आपल्या उदाहरणात हप्ता येतो ४३,३९१ रुपये. पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७. म्हणजे मुद्दलात गेले ७,९७४. परत वाचा, त्रेचाळीस हजार भरले आणि कर्ज आठ हजारसुद्धा कमी झालं नाही. पहिल्या वर्षात तुम्ही ५ लाख २० हजार भरता आणि मुद्दल फिटतं एक लाखाला थोडं कमीच. पाच वर्षांनी एकूण २६ लाख भरून झालेले असतात आणि बँक म्हणते, अजून ४४ लाख बाकी आहेत. निम्मं कर्ज, म्हणजे २५ लाख, कधी फिटतं सांगा बरं? दहा वर्षांनी नाही, १३ वर्षं १० महिन्यांनी.

यात बँकेची काही लबाडी नाहीये बरं का, व्याज शिल्लकीवर लागतं आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते एवढंच. पण हे आधी माहीत नसलं की पाच वर्षांनी घर विकायची वेळ आली की माणूस चक्रावतो, एवढे भरले ते गेले कुठे म्हणून.

वीस वर्षांची बेरीज १ कोटी ४ लाख, त्यातलं व्याज ५४ लाख. हा आकडा शीटच्या वरती लाल रंगात लिहून ठेवा.

२. मुदतीचा मोह

हप्ता जड वाटतोय म्हटलं की एजंट लगेच म्हणतो, तीस वर्षं करून टाकू. करा, पण आधी शीटमध्ये करून बघा. तीस वर्षांना हप्ता होतो ३८,४४६, म्हणजे महिन्याला पाच हजारच वाचले, आणि व्याज ५४ लाखांवरून गेलं ८८ लाखांवर. महिन्याच्या पाच हजारांसाठी चौतीस लाख! उलट पंधरा वर्षं केलीत तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या आसपास.

माझं मत विचाराल तर मुदत वीसचीच घ्या आणि मनात पंधराची ठेवा. नोकरीचं काही खरं नसतं, हिंजवडीत एका मेलवर अख्खी टीम घरी बसलेली आपण सगळ्यांनी पाहिलीये, त्यामुळे सक्तीचा हप्ता कमी असलेला बरा आणि वरचे पैसे आपणहून भरायचे. फक्त ते खरंच भरायचे. ते कसं, खाली सांगतो.

३. लोनच्या बाहेरचे पैसे

बँक पूर्ण किमतीला लोन देत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमाने ३० लाखांपर्यंतच्या लोनला जास्तीत जास्त ९० टक्के, ३० ते ७५ लाखांच्या मध्ये ८० टक्के, त्याच्या वर ७५ टक्के. आणि या हिशेबात स्टॅम्प ड्युटी-रजिस्ट्रेशन धरत नाहीत, ते खिशातूनच. तर ६५ च्या फ्लॅटला आपले १५ लाख रोख आले. नवीन माणूस इथेच थांबतो आणि म्हणतो, जमेल.

पुढे बघा. पुण्यात महापालिकेच्या हद्दीत स्टॅम्प ड्युटी सगळं धरून ७ टक्के पडते, त्यात मेट्रोचा १ टक्का पण आला. ६५ लाखांवर झाले ४ लाख ५५ हजार. करारातली किंमत आणि रेडी रेकनरची (सरकारने त्या भागासाठी ठरवलेली) किंमत यातली जी जास्त असेल तिच्यावर लागते, हे पण ध्यानात ठेवा. रजिस्ट्रेशन १ टक्का पण जास्तीत जास्त ३० हजार. फ्लॅट फक्त बाईच्या नावावर असेल तर ड्युटीत १ टक्का सूट आहे, म्हणजे इथे ६५ हजार वाचतात, पण नवरा-बायको दोघांच्या नावावर घेतलं की ही सूट नाही. (आमच्याकडे यावर एक आठवडा चर्चा चालली, त्यात सासरेबुवा पण उतरले. शेवटी दोघांच्या नावावर घेतलं, पासष्ट हजार गेले, घरात शांतता राहिली.)

बांधकाम चालू असलेला फ्लॅट असेल तर जीएसटी ५ टक्के, म्हणजे अजून सव्वातीन लाख. ४५ लाखांच्या आतला आणि पुण्यासारख्या ठिकाणी ९० चौरस मीटर कार्पेटच्या आतला असेल तर १ टक्काच. कम्प्लिशन सर्टिफिकेट आलेला तयार फ्लॅट घेतला तर जीएसटी नाही. त्यामुळे "अंडर कन्स्ट्रक्शन स्वस्त पडतो" असं कोणी म्हटलं की हे पाच टक्के मिळवून मग बोला.

किंमत ५० लाख किंवा वर असेल तर बिल्डरला देताना १ टक्का टीडीएस तुम्ही कापून सरकारला भरायचा असतो. तो वेगळा खर्च नाही, किमतीतलाच आहे, पण बिल्डरला द्यायच्या प्रत्येक पेमेंटला वेगळा भरायचा आणि विसरलात की व्याज आणि लेट फी तुमच्या डोक्यावर.

मग किरकोळ म्हणतात ते. बँकेची प्रोसेसिंग फी आणि तिच्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन, गहाणखताची स्टॅम्प ड्युटी आणि नोटीस ऑफ इंटिमेशन (फ्लॅट गहाण आहे ही सरकारदरबारची नोंद), बिल्डरकडे सोसायटी फॉर्मेशन, लाइट मीटर, दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स. एकेक आकडा छोटा दिसतो, सगळे मिळून दोन-तीन लाख कधी होतात कळत नाही. बिल्डरकडून पहिल्याच दिवशी कॉस्ट शीट लेखी मागा, त्यात "अदर चार्जेस" असं एका ओळीत कोंबलेलं असेल तर ते फोडून मागा. बुकिंगला किमतीच्या १० टक्क्यांच्या वर पैसे रजिस्टर्ड करार झाल्याशिवाय घेता येत नाहीत, रेराचा म्हणजे बिल्डरांवर लक्ष ठेवणाऱ्या कायद्याचा नियम आहे. प्रोजेक्टचा महारेरा नंबर साइटवर टाकून पझेशनची तारीख किती वेळा पुढे ढकललीये ते पण बघून घ्या, पाच मिनिटांचं काम आहे.

म्हणजे १५ लाख रोख म्हणता म्हणता २५ लाखांच्या घरात गेलं, आणि अजून किचन ट्रॉल्या नाहीत, पंखे नाहीत, ग्रिल नाही. इथे जो अडकतो तो पर्सनल लोन काढतो, आणि ते होम लोनपेक्षा कितीतरी महाग असतं. तुमच्याकडे हे पैसे नसतील तर सरळ एक-दोन वर्षं थांबा किंवा छोटा फ्लॅट बघा, भाड्याने राहण्यात काही कमीपणा नाहीये.

४. प्री-ईएमआय, हे कोणी सांगत नाही

बांधकाम चालू असताना बँक पैसे स्लॅबप्रमाणे सोडते. तोपर्यंत जेवढे सोडले तेवढ्यावर फक्त व्याज घेतात, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. समजा ३० लाख सोडले, तर महिन्याला २१,२५० रुपये. यातला एक रुपया मुद्दलात जात नाही. तिकडे भाडं चालूच. पझेशन वर्षभर लांबलं तर अडीच लाख असेच गेले, आणि तुमची खरी वीस वर्षं अजून सुरूपण झालेली नाहीत. शक्य असेल तर बँकेला सांगा की पूर्ण हप्ता आत्तापासूनच सुरू करा, बऱ्याच बँका देतात. आणि शीटमध्ये पझेशनच्या तारखेत एक वर्ष आपलं आपण वाढवून ठेवा.

५. सही करण्याआधी दोन कागद

एक म्हणजे की फॅक्ट स्टेटमेंट. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक रिटेल लोनला हे द्यावंच लागतं. त्यात एपीआर म्हणून एक आकडा असतो, व्याजदर आणि फिया मिळून लोन वर्षाला खरं किती टक्क्याला पडतंय तो. दोन बँकांची तुलना करताना जाहिरातीतला दर बघू नका, हा बघा.

दुसरा, इन्शुरन्सचा. सॅंक्शनच्या गडबडीत एक फॉर्म पुढे सरकवतात, "सर सगळेच करतात". लोनवरचा विमा, एकरकमी प्रीमियम, समजा दीड लाख, आणि तो लोनमध्येच मिळवून देतात म्हणजे खिशातून काही जात नाही असं वाटतं. जातं ना! दीड लाख वीस वर्षं ८.५ टक्क्यांनी फेडले की ३ लाख १२ हजार होतात. बँकेकडूनच विमा घेतला पाहिजे अशी सक्ती नाही. विमा हवाच, त्यात वादच नाही, पण बाहेरून साधा टर्म प्लॅन घ्या, वर्षाच्या वर्षाला भरा, लोन दुसरीकडे नेलं तरी तो तुमच्यासोबत राहतो.

६. फ्लोटिंग दर, आणि माझी फजिती

हे जरा सविस्तर सांगतो कारण यात मी स्वतः पोळलोय.

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग (म्हणजे दर वरखाली होणारी) होम लोन बाहेरच्या दराला जोडलेली असतात, बहुतेक वेळा रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्याला. रेपो हलला की तुमचा दर तीन महिन्यांच्या आत हलतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हा नियम नाही, त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या हिशेबाने हलतो, एवढं लक्षात ठेवून मग त्यांच्याकडे जा.

मी २०२१ मध्ये घेतलं. ५० लाख, ६.७ टक्के, २० वर्षं, हप्ता ३७,८७०. तेव्हा रेपो ४ टक्के होता आणि सगळे म्हणत होते असा दर परत मिळायचा नाही, ते खरंच होतं फक्त उलट्या अर्थाने. मे २०२२ पासून रेपो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ ला साडेसहावर गेला. मी निवांत, कारण खात्यातून जाणारा हप्ता तोच होता, एक रुपया वाढला नव्हता. २०२२ च्या दिवाळीत घरी बसलो होतो, सहज बँकेचं ॲप उघडलं, लोनवर टॅप केलं. दर ८.६. शिल्लक साडेअठ्ठेचाळीस लाख. आणि खाली बारीक अक्षरात, उरलेले हप्ते: ३५०.

मला वाटलं ॲप गंडलंय. सुरुवात २४० ने केली, पंधरा हप्ते भरले, उरायला हवेत २२५, हे ३५० कुठून आले? पंधरा महिने फेडून लोन दहा वर्षांनी लांबलं होतं. मी तेव्हा चौतिसाचा, म्हणजे वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षापर्यंत हप्ते. बँकेने मेसेज पाठवला होता म्हणे, असेल, ऑफर्सच्या मेसेजमध्ये कुठेतरी.

झालं असं की दर वाढला की बँका हप्ता न वाढवता मुदत वाढवतात, ग्राहक ओरडत नाही. शीटमध्ये करून बघा: ५० लाखांवर ९.२ टक्क्यांनी महिन्याचं नुसतं व्याजच ३८,३३३ होतं, म्हणजे माझा हप्ता व्याजालासुद्धा पुरला नसता.

ब्रँचमध्ये जाऊन, दोन चकरा मारून, अर्ज देऊन हप्ता साडेपाच-पावणेसहा हजारांनी वाढवून घेतला, साडेत्रेचाळीसच्या आसपास. ३५० चे परत २२५ झाले. उरलेल्या हप्त्यांची बेरीज १ कोटी ३२ लाख होती ती ९८ लाखांवर आली. चौतीस लाख, एका अर्जाने. अजून सहा महिने ॲप उघडलं नसतं तर काय, या विचाराने अजून धस्स होतं.

आता नियम जरा बरे आहेत. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ग्राहकाला निवडू द्यायचं. पण निवड तुम्ही कळवली पाहिजे. त्यामुळे दर तीन महिन्यांनी तीन आकडे बघायची सवय लावा: दर, शिल्लक, उरलेले महिने. २०२५ मध्ये रेपो खाली आला तेव्हा पण बघायचं होतं की आपला दर खरंच तेवढा कमी झाला का. दर खाली आला की हप्ता कमी करून घेऊ नका, तोच ठेवा, मुदत पळत खाली येते.

अजून एक खटकणारी गोष्ट. नव्या ग्राहकाला बँक कमी स्प्रेड (रेपोच्या वर बँक लावते ते टक्के) देते आणि जुना बिचारा चढ्या स्प्रेडवर बसलेला असतो. वर्षातून एकदा बँकेच्या साइटवर नवीन लोनचा दर बघा, आणि अर्धा टक्का फरक दिसला की मेल टाका की दर कमी करा नाहीतर बॅलन्स ट्रान्सफर करतो, म्हणजे लोन दुसऱ्या बँकेत नेतो. थोडी फी घेऊन बहुतेक करतात. ४४ लाख आणि १५ वर्षं बाकी असताना अर्धा टक्का म्हणजे हप्त्यात महिन्याला तेराशेच्या आसपास, एकूण सव्वादोन लाखांच्या वर. खरंच दुसरीकडे न्यायचं असेल तर तिकडची प्रोसेसिंग फी, गहाणखताचा खर्च परत लागतो, तो वजा करून मग ठरवा.

७. वरचे पैसे कधी भरायचे

फ्लोटिंग होम लोन स्वतःच्या नावावर असेल तर आधी पैसे भरायला दंड नाही, २०१२ पासूनच बंद आहे. पण कधी भरता याला फार महत्त्व आहे. पहिलं वर्ष संपल्यावर एक लाख जास्तीचे भरले तर ११ हप्ते कमी होतात, म्हणजे पावणेपाच लाखांच्या वर भरायचे वाचले. तोच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरला तर साडेतीन हप्ते, दीड लाख. बोनस आला की आधी सोफा की आधी लोन, याचं उत्तर पहिल्या पाच वर्षांत तरी लोन. दर वर्षाच्या शेवटी फक्त एक जास्तीचा हप्ता भरत गेलात तरी लोन सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि दहा लाखांच्या वर व्याज वाचतं.

भरताना "मुदत कमी करा, हप्ता नको" असं सांगा, आणि नंतर ॲपमध्ये उरलेले महिने खरंच कमी झाले का ते बघा. आणि सगळेच ओतू नका, सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला हवाच. लोनमध्ये गेलेला पैसा आजारपणात परत मागता येत नाही. ज्यांच्या खात्यात पैसे पडून असतात, धंदेवाले वगैरे, त्यांनी ओव्हरड्राफ्टवालं होम लोन बघावं, दर थोडा जास्त असतो पण खात्यात ठेवलेल्या पैशांवरचं व्याज वाचतं आणि लागले तर काढता येतात.

टॅक्सचं थोडक्यात: "व्याजावर टॅक्स वाचतो" हे आता सगळ्यांना लागू नाही. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या टॅक्स रिजीममध्येच मिळते, नव्यात नाही. आणि नवी डिफॉल्ट आहे, तुम्ही काही निवडलं नाही तर तीच लागते. शिवाय जुन्यात असलात तरी पहिल्या वर्षी व्याज सव्वाचार लाख आणि वजावट दोनची.

८. घरात राहायला गेल्यावरचं

मेंटेनन्स, प्रॉपर्टी टॅक्स, आणि आपल्याकडे पाणी. वाघोली, उंड्री, बाणेर-बालेवाडीकडच्या कित्येक सोसायट्यांत उन्हाळ्यात टँकर लागतात आणि ते बिल मेंटेनन्समधूनच जातं, म्हणून फ्लॅट बघायला शक्यतो एप्रिल-मेमध्ये जा आणि गेटवरच्या वॉचमनला विचारा दिवसाला टँकर किती येतात. तो खरं सांगतो. मेंटेनन्स महिना तीन हजार जरी धरला आणि वीस वर्षं वाढलाच नाही असं मानलं (हसू नका) तरी सात लाख वीस हजार. पुणे महापालिकेत स्वतः राहत असाल तर प्रॉपर्टी टॅक्सला ४० टक्के सवलत आहे, पण त्यासाठी पीटी-३ फॉर्म भरून द्यावा लागतो.

आता शीटमध्ये सगळं एकाखाली एक मांडा. ६५ किंमत, ८ ड्युटी-रजिस्ट्रेशन-जीएसटी, ५४ व्याज, ७ मेंटेनन्स, २-३ किरकोळ. १ कोटी ३६ लाखांच्या आसपास. घाबरू नका, वीस वर्षांनंतरचे त्रेचाळीस हजार आजच्याइतके जड नसतील, पगार वाढेल, पैशाची किंमत उतरेल, आणि भाडं पण पंचवीसवर थांबणार नाहीये. पण मग बाजूला दुसरा रकाना करा: भाडं दरवर्षी पाच टक्के वाढतंय असं धरून वीस वर्षांची बेरीज, आणि सुरुवातीचे २५ लाख आणि हप्ता-भाड्यातला फरक कुठे गुंतवला तर काय होईल ते. माझ्या शीटमध्ये भाडं जिंकत होतं. तरी घर घेतलं, मुलीची शाळा दोन वेळा बदलायची नव्हती आणि घरमालकाचा फोन आला की होणारी धडधड नको होती. ते ठीकच आहे, फक्त त्या धडधडीचे किती पैसे मोजतोय ते माहीत होतं.

९. लोन संपल्यावर

शेवटचा हप्ता गेला म्हणजे काम झालं असं नाही. लोन घेताना बँकेकडे जमा केलेल्या कागदांची यादी मिळते, ओरिजिनल करार, इंडेक्स टू (रजिस्ट्रेशनचा उतारा), पावत्या वगैरे, ती यादी पहिल्याच दिवशी स्कॅन करून स्वतःला मेल करून ठेवा, वीस वर्षांनी ब्रँच कुठे हललेली असेल सांगता येत नाही. डिसेंबर २०२३ पासून नियम असा आहे की पूर्ण फेडल्यावर ३० दिवसांच्या आत बँकेने ओरिजिनल कागद परत करायचे आणि बोजा उतरवायचा, उशीर त्यांच्यामुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये तुम्हाला. नो ड्यूज (काही बाकी नाही असं पत्र) घ्या, सिबिलमध्ये लोन "क्लोज्ड" दिसतंय का महिन्या-दोन महिन्यांनी बघा, आणि कागद ताब्यात घेताना यादीतला एकेक कागद काउंटरवरच उभं राहून टिकमार्क करा, मागे कितीही मोठी लाइन असली तरी.